जुन्या लॅपटॉपवर स्टोअरमधले गेम अपडेट होत नाहीत? आधी अडलंय कुठे ते बघा

गणपतीत मुंबईहून चाकरमानी गावी येतात तेव्हा त्यांच्या सामानात हल्ली बऱ्याचदा एक जुना लॅपटॉप असतो. काकांनी स्वतःसाठी नवीन घेतलेला असतो आणि जुना 'पोरांना अभ्यासाला' म्हणून मालवणात येतो. दीड दिवसाचं विसर्जन व्हायच्या आत त्यावर गेम शोधायला सुरुवात होते. मग घरात जो कोणी कॉम्प्युटरवाला असेल, त्याच्याकडे प्रश्न येतो: "दादा, ह्यो गेम अपडेट कित्याक होना नाय?"

माझ्याकडे हा प्रश्न इतक्या वेळा आलाय की उत्तर एकदा नीट लिहून ठेवतो.

फोनवर आपल्याला सवय असते की प्ले स्टोअर उघडायचं, अपडेट दाबायचं आणि विसरून जायचं. कॉम्प्युटरवर, त्यातही जुन्या विंडोजवर, तीन वेगवेगळ्या गोष्टी जमून याव्या लागतात. एक म्हणजे मायक्रोसॉफ्ट स्टोअर हे ॲप स्वतः, दुसरी त्याच्या खालची विंडोज आणि तिसरी म्हणजे गेम कंपनीचा सर्व्हर. तिघांपैकी कोणीही अडलं तरी आपल्याला स्क्रीनवर दिसतं ते एकच, अपडेट होत नाही. उपाय मात्र तिन्हींचे वेगळे आहेत, आणि भलताच उपाय केला तर असलेला गेमही हातचा जातो.

रिसेट दाबायच्या आधी हे वाचा

तीन-चार वर्षांपूर्वी मी माझ्या मावसभावाचा लॅपटॉप 'दुरुस्त' केला. एक रेसिंग गेम अपडेट होत नव्हता. मी सेटिंग्जमध्ये जाऊन त्या गेमवर रिसेट दाबलं. तीन वर्षं खेळून त्याने कमावलेल्या सगळ्या गाड्या गेल्या, आणि अपडेट तर झालंच नाही. इंजिनिअरिंगची डिग्री असलेल्या माणसाने केलेली ही चूक आहे, त्यामुळे तुम्ही केलीत तर वाईट वाटून घेऊ नका. पण शक्यतो करूच नका.

विंडोज १० मध्ये सेटिंग्ज, मग ॲप्स, मग त्या गेमचं नाव आणि त्याखाली 'ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स' असं गेलं की दोन बटणं जवळजवळ दिसतात: रिपेअर आणि रिसेट. रिपेअर केलं तर गेमचा डेटा जागेवर राहतो. रिसेट केलं तर तो पुसला जातो. अनइन्स्टॉल करणं त्याहून धोक्याचं. कंपनीने तो गेम स्टोअरमधून काढून टाकलेला असेल, किंवा त्याला आता तुमच्यापेक्षा नवीन विंडोज लागत असेल, तर परत इन्स्टॉल होईल याची काहीही खात्री नाही. जुन्या मशीनवर चालू असलेला गेम काढताना 'परत टाकू की' हे गृहीत धरायचं नाही.

म्हणून पहिलं काम, प्रगती कुठे साठते ते बघणं. गेममध्ये साइन इन करायची सोय असेल तर आधी साइन इन करा. मायक्रोसॉफ्टच्या सॉलिटेअर कलेक्शनसारख्या गेममध्ये खात्याने साइन इन केलेलं असेल तर प्रगती ऑनलाइन राहते आणि दुसऱ्या मशीनवरही मिळते. साइन इनची सोयच नसेल तर सगळं त्या लॅपटॉपच्याच डिस्कवर असतं. स्टोअरमधल्या बहुतेक गेमचा हा डेटा सी ड्राइव्हमध्ये युजर्स, तुमच्या नावाचं फोल्डर, ॲपडेटा, लोकल, पॅकेजेस या रस्त्याने गेलं की मिळतो. ॲपडेटा हे फोल्डर लपवलेलं असतं, त्यामुळे फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूत 'हिडन आयटम्स'वर टिक करावी लागते. आत गेमच्या नावाशी जुळणारं फोल्डर शोधा आणि अख्खं पेनड्राइव्हवर कॉपी करून ठेवा. ते परत टाकल्यावर प्रत्येक गेम ओळखेलच असं नाही, पण कॉपी असलेली बरी.

तुमच्याकडे कोणती विंडोज आहे?

कीबोर्डवर विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, येणाऱ्या चौकटीत 'विनव्हर' हा शब्द इंग्रजीत लिहा आणि एंटर दाबा. छोटी खिडकी उघडते, त्यात विंडोजचं नाव, आवृत्ती आणि बिल्ड नंबर असतो. त्याचा फोटो काढून ठेवा, पुढे लागेल.

विंडोज ७ निघाली तर प्रश्न लवकर संपतो. त्यात मायक्रोसॉफ्ट स्टोअर नव्हतंच. सॉलिटेअर, माइनस्वीपर, चेस टायटन्स हे गेम विंडोजचाच भाग म्हणून यायचे. हे गेम स्टोअरमधून घ्यायची पद्धत विंडोज ८ पासून, म्हणजे ऑक्टोबर २०१२ पासून सुरू झाली. विंडोज ७ चा सपोर्ट १४ जानेवारी २०२० ला संपला.

विंडोज ८.१ मध्ये स्टोअर दिसतं, पण त्यात फार काही होत नाही. या पिढीसाठी नवीन ॲप स्वीकारणं मायक्रोसॉफ्टने ३१ ऑक्टोबर २०१८ ला थांबवलं आणि ८.१ चा सपोर्ट १० जानेवारी २०२३ ला संपला. इथे स्टोअरशी झटापट करण्यात दुपार घालवू नका. ८.१ चालवणाऱ्या बहुतेक मशीनवर विंडोज १० चालते. रॅम ४ जीबी असेल तर बरी चालते, २ जीबी असेल तर रडतखडत.

उरली विंडोज १०, आणि गावी येणारे जास्तीत जास्त लॅपटॉप हेच असतात. तिचा मोफत सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला, म्हणून 'आता सगळंच बंद' असे मेसेज फिरतात. तसं झालेलं नाही. त्या तारखेनंतर विंडोजला नेहमीचे सुरक्षा अपडेट मिळणं थांबलं, स्टोअर बंद पडलं नाही. विंडोज १० वर गेम चालू ठेवायचा की नाही हे त्या त्या गेमची कंपनी ठरवते. काही अजून देतात, काही हळूहळू सोडतील.

गेमला हवी असलेली विंडोज आणि तुमची विंडोज

माझ्या अनुभवात सगळ्यात जास्त वेळा घोळ इथेच सापडतो. स्टोअरमध्ये गेमचं पान उघडा आणि खाली 'सिस्टिम रिक्वायरमेंट्स' बघा. तिथे ओएस समोर 'विंडोज १० व्हर्जन १७७६३.० ऑर हायर' असं काहीतरी लिहिलेलं असतं. हा आकडा बिल्ड नंबर आहे. १७७६३ म्हणजे विंडोज १० ची १८०९ आवृत्ती, १८३६२ म्हणजे १९०३, १९०४१ म्हणजे २००४ आणि १९०४५ म्हणजे २२एच२, जी विंडोज १० ची शेवटची आवृत्ती. २२००० किंवा त्यापुढचा आकडा दिसला तर गेमला विंडोज ११ हवी आहे.

आता मघाच्या फोटोतला तुमचा बिल्ड नंबर काढा. तो गेमने मागितलेल्या आकड्यापेक्षा लहान असेल तर स्टोअर तुम्हाला नवी आवृत्ती देणारच नाही. बरेचदा काही सांगतही नाही, 'तुमचे सगळे ॲप अद्ययावत आहेत' असं म्हणून मोकळं होतं. त्याच्या दृष्टीने ते खरंच असतं. तुमच्या विंडोजला चालेल अशी शेवटची आवृत्ती तुमच्याकडे आधीच आहे!

म्हणजे विंडोज १० आहे म्हणून खूश होऊन चालत नाही, कुठली विंडोज १० ते महत्त्वाचं. पाच-सहा वर्षं कपाटात पडलेला लॅपटॉप बहुधा १८०९ किंवा १९०९ वर अडकलेला असतो. तो २२एच२ वर नेणं फुकट आहे, आणि तेवढ्याने निम्मे गेम आपोआप मार्गी लागतात. अडचण आहे ती डेटाची. हे अपडेट काही जीबीचं असतं, आणि दिवसाला दीड जीबीच्या पॅकवर, तेही पावसात रेंज येत-जात असताना, ते पुरं होत नाही.

यावर सोपा उपाय आहे. काकांना फोन करून सांगा की लॅपटॉप मुंबईतच वायफायवर २२एच२ पर्यंत अपडेट करून मगच आणा. लॅपटॉप आधीच गावी आलेला असेल तर ज्याच्याकडे चांगलं इंटरनेट आहे त्याला मायक्रोसॉफ्टच्या साइटवरच्या 'मीडिया क्रिएशन टूल'ने ८ जीबीच्या पेनड्राइव्हवर विंडोज १० घ्यायला सांगा. कोकणकन्याने कुडाळला उतरणाऱ्या कोणाच्याही खिशात तो पेनड्राइव्ह मावतो. लॅपटॉप चालू असताना पेनड्राइव्हमधलं सेटअप चालवायचं आणि 'फाइल्स व ॲप्स ठेवा' हा पर्याय निवडायचा, म्हणजे गेम जागेवर राहतात. सी ड्राइव्हवर २०-२५ जीबी मोकळी जागा ठेवा आणि चार्जर लावलेलाच असू दे. ढगांचा गडगडाट चालू असेल त्या दिवशी मात्र हे काम काढू नका, मध्येच वीज गेली आणि बॅटरी मेलेली असली तर डोक्याला ताप होतो.

स्टोअरच उघडत नाही किंवा फिरत राहतं

विंडोजची आवृत्ती बरोबर आहे, तरीही अपडेट होत नाही. मग स्टोअरकडे वळा.

सगळ्यात आधी उजव्या कोपऱ्यातली तारीख बघा. चेष्टा करत नाही. जुन्या डेस्कटॉपच्या मदरबोर्डवर सीआर२०३२ नावाचा नाण्यासारखा सेल असतो, वीज नसताना घड्याळ तोच चालू ठेवतो. आपल्याकडे मे अखेरीस विजा कडाडायला लागल्या की लोक प्लग काढून ठेवतात, आणि ते योग्यच आहे. २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळ किनाऱ्याजवळून गेलं तेव्हा आपल्या जिल्ह्यात अनेक ठिकाणी दिवसेंदिवस वीज नव्हती. अशा काळात घड्याळाचा सगळा भार त्या सेलवर येतो. तो मेला की पुढच्या वेळी कॉम्प्युटर सुरू होताना तारीख कित्येक वर्षं मागे गेलेली असते.

तारखेचा आणि गेमचा काय संबंध? स्टोअर सर्व्हरशी सुरक्षित जोडणी करतं तेव्हा सर्व्हर आपलं डिजिटल प्रमाणपत्र दाखवतो. त्या प्रमाणपत्रावर 'या तारखेपासून या तारखेपर्यंत वैध' असं असतं. तुमच्या मशीनच्या मते आज २०१५ साल असेल तर ते प्रमाणपत्र अजून सुरूच झालेलं नाही, म्हणून विंडोज जोडणी नाकारते. स्क्रीनवर बहुधा ८००७२एफ८एफ या अक्षरांनी संपणारा एरर येतो. सेटिंग्जमध्ये 'टाइम अँड लँग्वेज'मध्ये जाऊन तारीख आणि टाइम झोन नीट करा, मग 'सिंक नाऊ' दाबा. तारीख पुन्हा पुन्हा मागे जात असेल तर सेल बदला. घड्याळवाल्याकडेही मिळतो. डेस्कटॉपमध्ये तो बदलणं दोन मिनिटांचं काम आहे, लॅपटॉपमध्ये मात्र काही वेळा वायर जोडलेला असतो, तो दुकानातूनच बदलून घ्या.

दुसरी गंमत हॉटस्पॉटची. फोनच्या हॉटस्पॉटवर डेटा वाचावा म्हणून कोणीतरी कधीतरी वायफायच्या सेटिंग्जमध्ये 'मीटर्ड कनेक्शन' चालू करून ठेवलेलं असतं. ते चालू असताना स्टोअर आपणहून अपडेट करत नाही. हा बिघाड नाही, उलट चांगली सोय आहे, कारण एखादा रेसिंग गेम सकाळी सकाळी गुपचूप तुमचा दिवसाचा सगळा डेटा खाऊन टाकू शकतो. माझं मत विचाराल तर हॉटस्पॉटवर मीटर्ड चालूच ठेवा आणि स्टोअरच्या लायब्ररी किंवा डाउनलोड्स पानावर जाऊन जो गेम खेळता तेवढाच हाताने अपडेट करा. सगळं एकदम अपडेट करायचं बटण मित्राच्या वायफायवर दाबायचं.

तिसरं म्हणजे स्टोअरची साठवलेली कॅश. विंडोज बटण आणि आर दाबून त्या चौकटीत इंग्रजीत डब्ल्यू, एस आणि लगेच पुढे रिसेट असं सलग लिहा. एक काळी खिडकी येते, थोडा वेळ थांबते आणि स्टोअर परत उघडतं. नावात रिसेट आहे म्हणून घाबरू नका. यात फक्त स्टोअरची कॅश साफ होते, तुमचे गेम आणि त्यांची प्रगती तशीच राहते. मघाशी सांगितलेलं रिसेट वेगळं होतं.

डिस्कवर जागा आहे का हेही बघून घ्या. स्वस्तातल्या काही लॅपटॉपमध्ये सगळं मिळून ३२ जीबीच असतात, तिथे विंडोजच कशीबशी बसते.

गेम कंपनीनेच दार लावलं असेल तर

हे कोणाला आवडत नाही, पण काही वेळा आपल्या हातात काहीच नसतं. विंडोज ७ मध्ये इंटरनेट चेकर्स, इंटरनेट स्पेड्स, इंटरनेट बॅकगॅमन असे गेम होते. २२ जानेवारी २०२० ला मायक्रोसॉफ्टने त्यांचे सर्व्हर बंद केले. गेम आजही त्या मशीनवर उघडतील, पण समोर खेळायला कोणी येणार नाही.

ऑनलाइन गेममध्ये याचंच छोटं रूप रोज दिसतं. नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीचा लुडो किंग २०१६ मध्ये आला आणि २०२० च्या लॉकडाउनमध्ये घरोघरी पोचला. तो फोनसाठीही आहे आणि विंडोजसाठीही. अशा गेममध्ये मुंबईतल्या भावाच्या फोनवर ताजी आवृत्ती आणि तुमच्या लॅपटॉपवर जुनी असेल, तर एकमेकांच्या रूममध्ये जाताना अडचण येऊ शकते. माइनक्राफ्टच्या बेडरॉक आवृत्तीत तर नियमच आहे, दोघांची आवृत्ती जुळली नाही तर जोडणी होत नाही. त्याच्याच जावा आवृत्तीत लाँचरमधून जुना क्रमांक निवडता येतो, मग सगळ्या मित्रांनी मिळून एकच जुना क्रमांक ठरवायचा आणि खेळायचं. जुन्या मशीनवाल्यांसाठी इतकी चांगली सोय फार कमी गेममध्ये आहे.

एकट्याने खेळायचा, इंटरनेट न लागणारा गेम असेल तर माझा सल्ला सरळ आहे: अपडेट नाही झालं तर नाही. चालतोय ना? खेळा.

दुसरे रस्ते, आणि एक रस्ता जो नको

स्टीमवरचे गेम स्टोअरपेक्षा वेगळ्या रस्त्याने अपडेट होतात, पण स्टीमनेही १ जानेवारी २०२४ पासून विंडोज ७, ८ आणि ८.१ सोडल्या. १ जानेवारी २०२६ पासून ३२ बिटची विंडोजही सोडली. फोनचेच गेम मोठ्या स्क्रीनवर हवे असतील तर गुगल प्ले गेम्सचं पीसी ॲप आहे आणि त्यात अपडेट प्ले स्टोअरसारखेच येतात. पण त्याला विंडोज १० ची २००४ किंवा पुढची आवृत्ती, ८ जीबी रॅम आणि एसएसडी लागते, काकांच्या लॅपटॉपमध्ये हे बहुधा नसतं. विंडोज ११ च्या आतच अँड्रॉइड चालवायची मायक्रोसॉफ्टची सोय ५ मार्च २०२५ ला बंद झाली, त्यामुळे त्याचे जुने व्हिडिओ बघून वेळ घालवू नका. बुद्धिबळ, कॅरम, पत्ते यांसाठी ब्राउझर पुरतो. फक्त विंडोज ७ आणि ८.१ वर क्रोम १०९ या आवृत्तीवर थांबलंय, तिथे फायरफॉक्सची ११५ ईएसआर आवृत्ती टाका.

कोणाकडे जुना मॅकबुक आला असेल तर उलटी काळजी घ्या. २०१९ च्या कॅटालिना आवृत्तीपासून मॅकवर ३२ बिटचे ॲप चालत नाहीत. म्हणजे तिथे सिस्टिम नवी केली की काही जुने गेम मरतात. आधी कुठले गेम ३२ बिटचे आहेत ते बघायचं, मग अपडेट करायचं.

आता नको असलेला रस्ता. स्टोअरमध्ये गेम मिळत नाही म्हटल्यावर यूट्यूबच्या व्हिडिओखाली 'फुल व्हर्जन, लेटेस्ट अपडेट'ची लिंक मिळते. कधी टेलिग्रामवर झिप फाइल येते, सोबत 'अँटिव्हायरस बंद करून इन्स्टॉल करा' अशी सूचना. ही सूचना दिसली की तिथेच थांबायचं. या लॅपटॉपवर नुसता तुमचा गेम नसतो. तारकर्ली-देवबागकडच्या घरात त्याच लॅपटॉपवर बाबा होमस्टेचं बुकिंग बघतात, ताईच्या स्कॉलरशिपचा फॉर्म त्यावरूनच भरला जातो आणि ब्राउझरमध्ये बँकेचा पासवर्ड सेव्ह केलेला असतो. सुरक्षा अपडेट थांबलेल्या विंडोजवर अशी फाइल चालवली तर ती पहिल्यांदा तेच पासवर्ड शोधते. फाइल चालवून बसला असाल तर इंटरनेट तोडा, पासवर्ड दुसऱ्या मशीनवरून किंवा फोनवरून बदला, आणि पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर फोन करा. घरच्यांपासून लपवण्यात जाणारा वेळ सगळ्यात महाग पडतो.

आणि तो लॅपटॉप घरात खरंच कामाचा असेल तर गेम बाजूला ठेवून एक गोष्ट आजच करा. विंडोज १० च्या २२एच२ वर घरगुती वापरासाठी वाढीव सुरक्षा अपडेटची योजना आहे, १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची. मायक्रोसॉफ्ट खात्याने साइन इन करून विंडोज बॅकअपमधून सेटिंग्ज सिंक केली तर त्यासाठी पैसे पडत नाहीत. सेटिंग्जमधल्या विंडोज अपडेटच्या पानावर 'एनरोल'ची लिंक दिसते. विंडोज ११ साठी टीपीएम २.० आणि इंटेलचा साधारण आठव्या पिढीचा किंवा पुढचा प्रोसेसर लागतो. मायक्रोसॉफ्टचं 'पीसी हेल्थ चेक' हे छोटं ॲप चालवलं की तुमचं मशीन त्यात बसतं का ते दोन मिनिटांत कळतं.